ऑटरबाखांच्या हॉटेलाची ऐंशी वर्षं

मिलवॉकी, १४ सप्टेंबर १९८६

प्रिय ट्रूडी,

रविवारी तू फोन केलास तेव्हा मी नुसता 'हो, हो' करत होतो. त्यातलं निम्मं मला ऐकूच आलं नाही. डावा कान तर गेलेलाच होता, आता उजवाही त्याच वाटेवर आहे. फोनवर मी इतका ओरडतो की गिऱ्हाइकांना वाटतं मारामारी होणार, असं बर्नीस म्हणते. तीस वर्षं आपल्याकडे वाढप करून तिची जीभ चाकूसारखी झालीय. तेव्हा यापुढे पत्रच लिहीत जा.

कारण असं की वर्तमानपत्रातली एक मुलगी येऊन गेली. आजोबांनी हॉटेल काढलं त्याला या सालात ऐंशी वर्षं झाली, तर तिला इतिहास छापायचाय. मी म्हटलं, इतिहास कसला, ऐंशी वर्षं आम्ही बटाटे सोलतोय. ती हसली आणि वही उघडून बसली. पहिल्या महायुद्धात आजोबांनी पाटीवरचा 'जर्मन' शब्द रंगानं झाकला होता, ते मी सांगितलं. दारूबंदीत पापांनी नुसत्या सूपवर हॉटेल चालवलं, तेही सांगितलं. पुढचं तुला जास्त आठवतं. बिअरच्या पितळी नळांपुढे आजोबा उभे आहेत तो फोटो तुझ्याकडेच आहे ना? पाठव.

आणखी एक. आईच्या साउअरब्राटनची, त्या सिरक्यात मुरवलेल्या मांसाची, कृती हवी होती, पूर्ण, मापासकट. वाचकांसाठी.

वांडा बरी आहे. हवा अजून उबदार आहे, तळ्यावरून वारा सुटला नाही.

तुझा,
वॉल्टर


टूसॉन, २ ऑक्टोबर १९८६

प्रिय वॉल्टर,

फोटो पाठवतेय. जपून हाताळ, आजोबांच्या मिशीवर आधीच एक चीर गेलीय.

आठवणी हव्यात? घे. मी नऊ वर्षांची होते, गुरुवार होता. आईनं मला पाटावर उभं करून रस्सा ढवळायला दिला आणि म्हणाली, "या पोरीचा हात बघा!" मी सोळाची झाले तेव्हा लाल कोबी, बटाट्याचे गोळे, सगळं माझ्याकडे होतं. तू त्या वेळी गल्ल्यावर बसून पेन्सिल चावत होतास. पुढे पापांनी जाहीर केलं, "मुली लग्न करून जातात, हॉटेल वॉल्टरचं." हे लिहील का तुझी ती वहीवाली मुलगी?

हॅरॉल्डच्या छातीसाठी आम्ही नवरा-बायको या वाळवंटात आलो, असं मी तेहेतीस वर्षं सगळ्यांना सांगते. त्याच्या छातीला काही झालं नव्हतं. मला तुमच्या स्वयंपाकघराचा वास सहन होत नव्हता.

आणि कृती तू माझ्याकडे का मागतोस? तुझ्या बायकोकडे, वांडाकडे, कृतीचं कार्ड आहे. एकोणपन्नास साली, लग्नानंतर महिन्याभरात आईनं तिला दिलं होतं. तिला विचार. का कुणाला विकायला काढलंयस? डबाबंद साउअरब्राटन, वर आईचा फोटो? तसं असेल तर माझ्याकडून एक लवंगसुद्धा मिळणार नाही.

ट्रूडी


मिलवॉकी, १९ ऑक्टोबर १९८६

प्रिय ट्रूडी,

फोटो पोचला. आभार.

विकत-बिकत काही नाहीये. कार्ड हरवलंय, एवढंच. हॉटेल ठीक चाललंय. शुक्रवारी माशांसाठी गर्दी असते. गुरुवारी जरा कमी, पण सगळीकडेच कमी आहे. दारूचा कारखाना बंद झाल्यापासून दुपारचे कामगार गेले, आणि रस्त्याच्या पलीकडची घरं तर हमरस्त्यासाठी कधीच पाडली. सरकारी माणूस तपासणीला येणार होता म्हणून तळघर साफ केलं. नको ते सगळं फेकलं. पाठ दोन दिवस धरली होती.

वांडा अलीकडे थोडी दमते. शेगडीपाशी बर्नीस असते.

कृती पाठव, ट्रूडी. भांडण मागाहून करू.

वॉल्टर


टूसॉन, १६ नोव्हेंबर १९८६

प्रिय वॉल्टर,

बर्नीसनं कात्रण पाठवलं. तू पाठवलं नाहीस, ते का हे वाचल्यावर कळलं. आजोबांवर दोन रकाने, पापांवर एक. आईचे 'चार पिढ्यांना बांधून ठेवणारे जर्मन हात'. मी 'एक मुलगी, सध्या अॅरिझोनात.' वांडाच्या वाट्याला काय आलं पाहिलंस? 'वॉल्टरची पत्नी स्वयंपाकघरात मदत करते.' आई असती तर तिनं हे कात्रण चौकटीत लावलं असतं. दक्षिणेकडच्या पोलिश वस्तीतून आणलेली सून नावानिशी छापली नाही म्हणून.

कृती मी पाठवणार नाही. रागानं नाही म्हणत. छापून आलं, तुझं काम झालं. आता कशाला हवी?

बर्नीसच्या चिठ्ठीत शेवटी एक ओळ आहे: 'तुम्ही एकदा येऊन जा.' ती असं कधी लिहीत नाही. काय चाललंय तिकडे?

ट्रूडी


मिलवॉकी, ७ डिसेंबर १९८६

प्रिय ट्रूडी,

बर्नीसला मी रागावलो, मग माफी मागितली. लिहायला हवं होतं ते मीच.

वांडाच्या डोक्यातून गोष्टी निघून चालल्यात. मागच्या वर्षी सुरुवात झाली. आधी किल्ल्या, मग नावं. मी मनात म्हणायचो, वय झालं, मी तरी कुठे शहाणा राहिलोय. या वसंतात एका गुरुवारी तिनं रश्श्यात तीनदा मीठ घातलं. सगळं पातेलं ओतून दिलं आणि गिऱ्हाइकांना सांगितलं की शेगडी बिघडली. ऑगस्टमध्ये ती एप्रन घालून थर्ड स्ट्रीटवरून चालत निघाली. पुलापाशी एका बसवाल्यानं थांबवलं. तो आमच्याकडे जेवायचा म्हणून ओळखलं. "मिसेस ऑटरबाख, कुठं निघालात?" तर म्हणाली, "गिऱ्हाइकं खोळंबलीत." पाठ हॉटेलकडे होती.

डॉक्टर म्हणाला, यावर औषध नाही. मी विचारलं, किती दिवस? तो म्हणाला, "शरीर ठणठणीत आहे हो." हे त्यानं चांगली बातमी असल्यासारखं सांगितलं.

आता ती मुळीच रांधू शकत नाही. मी रांधतो, बर्नीस हाताशी असते. मला मासे तळता येतात, बटाटे येतात. गुरुवारचं साउअरब्राटन येत नाही, आणि आपल्याकडे लोक त्याच्यासाठीच येतात. तिनं कधी काही लिहून ठेवलं नाही. ते कार्ड हरवलेलं नाही, ट्रूडी. मला सापडलं, पिठाच्या डब्यामागे. तुझ्या अक्षरातलं आहे. त्याप्रमाणे दोनदा केलं. दोन्ही वेळा मांस म्हणजे बुटाचा तळ. म्हणून तुझ्यामागे लागलोय. कार्डात काहीतरी चुकलंय, नाहीतर मी चुकतोय.

गुरुवारची बावीस टेबलं होती, आता सहा भरतात.

वॉल्टर


टूसॉन, १८ डिसेंबर १९८६

प्रिय वॉल्टर,

तू चुकत नाहीयेस.

हे पत्र मी चार वेळा फाडलंय. आता सरळ लिहिते. एकोणपन्नास साली आईची बोटं सांध्यांत इतकी सुजली होती की तिला लेखणी धरवत नव्हती. म्हणून ती सांगत गेली आणि मी लिहीत गेले. मांस सिरक्यात मुरवायचं तिथे ती म्हणाली, "दोन दिवस." मी लेखणी उचलली आणि तिच्याकडे पाहिलं. पाच दिवस लागतात हे मला नवव्या वर्षापासून माहीत होतं. ती म्हणाली, "लिही." मी लिहिलं. रस्सा दाट करायला आल्याची बिस्किटं कुस्करून घालतात, बेदाणे घालतात. तिथे ती म्हणाली, "मैदा." मी मैदा लिहिलं. मग आम्ही दोघी हसलो. तोंडावर हात ठेवून, कारण वांडा बाहेर भांडी घासत होती.

वांडानं पहिल्यांदा केलं तो गुरुवार तुला आठवत असेल. पापांनी भरल्या हॉटेलात ताट उचललं आणि तिच्या हातात परत दिलं. "हे कुत्र्याला घाल," म्हणाले. ती आत गेली. मी दारात होते. ती रडली नाही, मांसाचा तुकडा बोटानं दाबून पाहत होती. कुठे चुकलं, ते शोधत होती.

सहा-सात महिन्यांनी तिचं जमलं. आई म्हणाली, "चोरून पाहिलं असणार." मलाही तसंच वाटलं. मी मनाशी म्हटलं, चला, फिटलं. पण ते कार्ड माझ्या अक्षरात आहे.

मागच्या पानावर खरी कृती आहे, मापासकट. आता हे तिला सांगून उपयोग आहे का?

ट्रूडी


मिलवॉकी, २५ जानेवारी १९८७

प्रिय ट्रूडी,

तुझं पत्र वाचून मी दोन आठवडे काही लिहिलं नाही. रागावलो होतो. मग आठवलं की त्या गुरुवारी मीही टेबलावर होतो. पापांनी ताट परत दिलं तेव्हा मी काय केलं? माझ्या ताटातलं निमूट संपवलं. मला वाटलं, हीच तिला मदत.

तुझ्या कृतीनं केलं. पाच दिवस मुरवलं, बिस्किटं घातली, बेदाणे घातले. मांस सुरीनं नाही, काट्यानं तुटत होतं. घरभर आईच्या वेळचा वास सुटला. बर्नीसनं पहिलं ताट कूनास्टपुढे ठेवलं. तो टायपिंगच्या यंत्रांचा दुरुस्तीवाला. तो एक्कावन्न सालापासून दर गुरुवारी येतो, बायको गेली त्या आठवड्यातसुद्धा आला होता. मी दारात उभा राहिलो. त्यानं दोन घास खाल्ले, काटा खाली ठेवला.

"वॉल्टर, छान आहे."

"पण?"

"पण हे तुमचं नाही."

मी म्हटलं, "आमचंच आहे. माझ्या आईचं आहे, अगदी असंच."

"असेल," तो म्हणाला. "मी तुझ्या आईच्या हातचं कधी खाल्लं नाही."

मी आत जाऊन पिंपावर बसलो. ट्रूडी, आईनं पन्नास साली हात टेकले. तेव्हापासून या हॉटेलात येणाऱ्या प्रत्येक माणसानं जे खाल्लं ते वांडाचं होतं. वर्तमानपत्रात जे छापून आलं, पर्यटक ज्याला 'अस्सल जर्मन' म्हणून मान डोलवायचे, ते एका पोलिश बाईचं होतं. तिनं आईचं काही चोरून पाहिलं नव्हतं. तुम्ही दिलेल्या खोट्या कार्डावरून वाट निघेना, म्हणून तिनं आपल्या घराकडची वाट धरली.

कुठली, तेही आता कळलं. तळघरात जिन्याखाली तिची एक बरणी असायची. राईचं पीठ पाण्यात आंबवलेलं. दर आठवड्याला मूठभर पीठ घालायची, वरचं पाणी गाळून न्यायची. मी समजायचो, ईस्टरला तिच्या माहेरी आंबट सूप करतात त्यासाठी असेल. सदतीस वर्षं कधी विचारलं नाही. बर्नीस म्हणते, ते पाणी रश्श्यात जायचं, आणि दोऱ्यात ओवलेल्या सुक्या आळंब्या. किती, केव्हा, ते तिलाही माहीत नाही. "तुम्ही नवरा ना तिचे," म्हणाली, "मी कशाला लक्ष ठेवू?"

ऑक्टोबरात मी तळघर साफ केलं असं लिहिलं होतं ना. बरणीला वास येत होता. वांडा तिच्यात पीठ घालायचं विसरत होती, वर काळी साय धरली होती. झाकण निघेना म्हणून मी ती मागच्या गटारावर फोडली. आतलं सगळं वाहून गेलं.

मागच्या सोमवारी मी नवं राईचं पीठ आणलं, कोमट पाण्यात कालवून तिच्यापुढे ठेवलं, शेजारी वही घेऊन बसलो. तिनं आत बोटं घातली. हात काय सुरेख फिरला, ट्रूडी! काही क्षण माझी वांडा समोर होती. मग थांबली, वास घेतला आणि माझ्याकडे पाहून म्हणाली, "विरजण कुठंय?"

मी म्हटलं, "आणतो."

तेव्हापासून रोज विचारते. मी रोज 'आणतो' म्हणतो.

वॉल्टर


टूसॉन, ११ फेब्रुवारी १९८७

वॉल्टर,

मी यायला तयार आहे, पण माझी तिच्यासमोर उभं राहायची लायकी नाही. आधी हे तिला वाचून दाखव. मग तू म्हणशील तसं.

प्रिय वांडा,

मी ट्रूडी, वॉल्टरची बहीण. तुझ्या लग्नानंतर तुला एक कार्ड दिलं होतं. ते मी लिहिलं होतं आणि ते खोटं होतं. तू नापास व्हावीस म्हणून माझ्या आईनं ते सांगितलं आणि मला ठाऊक असून मी लिहिलं. त्या गुरुवारी पापांनी सगळ्यांसमोर ताट परत देऊन तुझी शोभा केली, त्यात तुझी काहीच चूक नव्हती. तू सगळं बरोबर केलं होतंस. कार्डात लिहिलं होतं तसंच.

तू या घरात आलीस तेव्हा मला वाटलं, माझी जागा घ्यायला आलीस. ती जागा पापांनी घेतली होती, वॉल्टरनं घेतली होती, पण त्यांच्याशी भांडायची माझी हिंमत नव्हती. तू परकी होतीस, तुझ्याशी सोपं होतं.

त्या हॉटेलाला तू चालवलंस. आम्ही कुणी नाही. हे तुला कुणीतरी फार आधी सांगायला हवं होतं.

मला माफ कर, असं म्हणत नाही. फक्त हे तुझ्या कानावर पडावं, एवढंच.

ट्रूडी


मिलवॉकी, ३ मे १९८७

प्रिय ट्रूडी,

उशीर झाला. सगळं एकदम आलं.

शुक्रवार, १७ एप्रिलला हॉटेलाचा शेवटचा दिवस केला. गुड फ्रायडे होता, तेव्हा मासेच. जाहिरात केली नाही, तरी कुठूनशी बातमी फुटली आणि रस्त्यापर्यंत रांग लागली. वर्षभर न आलेली माणसंही आली. "फार वाईट वाटतं हो," म्हणत होती आणि पितळी नळ विकणार का विचारत होती. कूनास्ट गुरुवारीच येऊन गेला होता. मी त्याला अंडी करून दिली. त्यानं ती संपवली, टोपी घातली आणि माझ्याशी हात मिळवला. इतक्या वर्षांत आम्ही कधी हात मिळवला नव्हता. इमारत ज्यानं घेतली त्याला तिथे गाड्या उभ्या करायला जागा हवीय.

वर्तमानपत्राला मी पत्र लिहिलं होतं, की इतिहासात चूक आहे, दुरुस्ती छापा. त्या मुलीचं उत्तर आलं, सभ्य होतं. म्हणाली, लेख वाचकांना फार आवडला, आणि दुरुस्ती तारखांची किंवा नावांची असली तरच छापतात.

मार्चपासून वांडा नन्सच्या आश्रमात आहे. घरी जमेना. ती दोनदा गॅस सुरू करून बसली होती. तिथे स्वच्छता आहे, खिडकीतून झाडं दिसतात. मी रोज अकराला जातो, तीनला परततो. मी कोण हे तिला बहुतेक कळत नाही. कधी डॉक्टर समजते, कधी माहेरच्या गल्लीतला कुणी. मला 'तुम्ही' म्हणते.

तू विचारलंस, तिला काही सांगून उपयोग आहे का. मी आधी माझं सांगून पाहिलं. तिचा हात धरून म्हटलं, "वांडा, हॉटेलातलं जेवण तुझं होतं. लोक तुझ्यासाठी यायचे." तिनं घाईघाईनं दाराकडे पाहिलं. "हळू बोला हो! बाई ऐकतील. मी इथं नुसती भांड्यांना आहे." आई जाऊन एकोणतीस वर्षं झाली, ट्रूडी, आणि वांडा अजून तिला घाबरून आवाज खाली करते. मधली सगळी वर्षं गेली, तिनं जे मिळवलं ते गेलं. तेवढे पहिले सहा-सात महिने राहिलेत. ती आता त्यांच्यातच राहते.

म्हणून तुझं पत्र मी खिशात घेऊन हिंडत होतो. वाचू की नको कळेना. काल ती शांत होती, केस विंचरलेले होते, तेव्हा वाचलं. हळूहळू, मोठ्यानं. तिनं एकदाही मधे तोडलं नाही. पापांनी ताट परत दिलं ते आलं तेव्हा तिनं डोळे पुसले. वाटलं, पोचलं.

वाचून झाल्यावर मी कागदाची घडी केली. ती खिडकीकडे बघत होती.

"किती वाईट वागली हो ती माणसं," म्हणाली. "आणि ती लिहिणारी, तिलाही बिचारीला किती जड झालंय. कळतंय अक्षरावरून." कागद माझ्या हातात होता, तिनं अक्षर पाहिलंही नव्हतं.

मग माझ्याकडे वळून विचारलं, "मिळालं का त्या वांडाला हे पत्र?"

खोटं बोलायचा मला कंटाळा आला होता. मी म्हटलं, "नाही. नाही मिळालं."

"अरेरे," ती म्हणाली. "पत्ता चुकला असेल."

तू येऊ नकोस, ट्रूडी. मलाच पत्र लिहीत जा.

वॉल्टर